बालगंधर्वांचं दुसरं काम

बालगंधर्वांवर दोन ओळी लिहा म्हटलं की आपण काय लिहितो? थोर गायक, थोर नट, स्त्रीभूमिका अजरामर केल्या. यात एक शब्द कायम गळतो, तो म्हणजे वेशभूषाकार. माझ्या मते तो पहिल्याच ओळीत हवा.

साडी कशी नेसायची, पदर कसा घ्यायचा, गजरा कसा माळायचा, हे तेव्हाच्या घरंदाज बायका त्यांचं नाटक बघून ठरवत. आजही नटीनं घातलं की फॅशन होते, पण तिच्यामागे डिझायनर असतो. इथे नट आणि डिझायनर एकच. उंची शालू आणि अत्तरांवर गंधर्व नाटक मंडळीचा पैसा पाण्यासारखा गेला, कंपनी कर्जात गेली. लोक याला उधळपट्टी म्हणतात. असेलही थोडी! पण प्रेक्षक गाण्याइतकाच त्या रूपासाठी तिकीट काढत होता, हे का विसरायचं?

मी बडोद्याची, म्हणून हे मुद्दाम सांगते. गडकरी गेल्यावर महिन्याभरातच, २० फेब्रुवारी १९१९ ला, ‘एकच प्याला’चा पहिला प्रयोग आमच्या गावात झाला. इथल्या राजवाड्यात रविवर्म्याच्या साडीतल्या लक्ष्मी-सरस्वती. आणि इथेच, शालूंसाठी नावाजलेला नट जात्यावर दळणारी गरीब सिंधू होऊन बसला. थाट उतरवून ठेवणं हासुद्धा वेशभूषेचाच निर्णय असतो.

आता सिनेमा. १९३५ च्या ‘धर्मात्मा’त व्ही. शांताराम यांनी त्यांना संत एकनाथ केलं. नट तोच, गळा तोच, फक्त साडी गेली, आणि लोकांना त्यांचे बालगंधर्व पडद्यावर सापडेनात. १९३७ च्या ‘साध्वी मीराबाई’त ते पुन्हा स्त्रीवेशात आले, पण तोवर पन्नाशी जवळ आलेली. रंगमंच आणि खुर्च्यांमधलं अंतर जे झाकतं, ते कॅमेरा झाकत नाही. सिनेमातली कारकीर्द ही एवढीच. माझा मुद्दा याहून चांगला कशानं सिद्ध होणार?

२०११ चा रवी जाधव यांचा ‘बालगंधर्व’ आला, तेव्हा वेशभूषेचा राष्ट्रीय पुरस्कार नीता लुल्ला यांना मिळाला. योग्यच. पण ज्यांची कारकीर्द त्यांनी पुन्हा उभी केली, त्यांच्या नावापुढे हा शब्द आपण अजून लावत नाही.

कुणी म्हणेल, डिझायनर दुसऱ्यांना सजवतो, हे तर स्वतःच सजले. मान्य नाही. त्यांनी एक अख्खी पिढी सजवली. मला खटकतं ते वेगळंच. हे सगळं त्यांनी पाहिलं कुठे? घराघरांत, हळदीकुंकवात, देवळांत. बायकांकडूनच घेतलेलं त्यांनी बायकांनाच परत शिकवलं, आणि तेही अशा रंगमंचावरून, जिथे त्या बायकांना उभं राहायची मुभा नव्हती.