सत्तर रुपयांचे हातात एकसष्ट



आमच्या कामवाल्या मावशींची सून पॅकिंगच्या कामाला लागली. ताशी ७० रुपये. ८ तास, २६ दिवस म्हणजे १४,५६० झाले, मग हातात १२,५०३च कसे, असं विचारायला ती पगाराची चिठ्ठी घेऊन आली. चहा बाजूला ठेवून आम्ही दोघी हिशेबाला बसलो. सगळी मजुरी मूळ पगारातच धरलेली. पीएफ १२ टक्के, म्हणजे १,७४७ (तो तिचाच, मालकही तेवढेच घालतो, त्यातले काही पेन्शनला जातात). ईएसआय पाऊण टक्का, ११०. हातात यायला हवेत १२,७०३, तासाला जेमतेम ६१. घर याच आकड्यावर चालवायचं, ७०वर नाही.

मग आणखी २०० गेले कुठे? व्यवसाय कर! महाराष्ट्रात बाईचा पगार २५,०००पर्यंत असेल तर तो लागतच नाही. ठेकेदाराने पुरुषांसारखा सरसकट कापला.

आपल्यापैकी अनेकींच्या घरी दुकान, कारखाना आहे. मला वाटतं, अचौर्य अणुव्रत तिजोरीपुरतं नसतं, ते पगारपत्रकालाही लागू आहे. या महिन्यात घरच्या पगाराच्या वहीत एकदा डोकावाच. मी सोमवारी तिच्यासोबत ठेकेदाराकडे जातेय.