पोथीला विचारलेला प्रश्न

तुम्ही कधी एखादा प्रश्न मनात धरून, डोळे मिटून पुस्तकाचं कुठलंही पान उघडलंय? मी गेल्या महिन्यात हेच केलं. तेही एकदा नाही, तीनदा!

झालं असं, की बँकेच्या परीक्षेचा फॉर्म मी भरला नाही म्हणून बाबांचं आणि माझं वाजलं होतं. मी इंदूरला आजीकडे राहते, आई-बाबा भोपाळला. दोन महिने आम्हा दोघांचा एकमेकांना फोन नाही. आपण आधी फोन करावा की नाही, काही ठरेना. शेवटी आजीचं रामचरितमानस काढलं आणि त्यातली रामशलाका प्रश्नावली उघडली.

इकडे हिंदी मुलखात ही प्रश्नावली घरोघरी माहीत आहे. तुम्ही पाहिली नसेल तर सांगते. १५ उभ्या आणि १५ आडव्या ओळींचा, म्हणजे २२५ घरांचा तक्ता असतो. घराघरात अक्षरं. रामाचं नाव घेऊन एका घरावर बोट ठेवायचं आणि तिथून दर नववं अक्षर लिहीत जायचं. शेवटी तुलसीदासांची एक चौपाई तयार होते. तिचा अर्थ हेच आपलं उत्तर.

आता यातली गंमत बघा. दर नववं अक्षर घ्यायचं, म्हणून उत्तरंही नऊच. प्रत्येकाच्या वाट्याला २५ घरं. काही चौपाया ‘काम होईल’ म्हणतात, काही ‘शंका आहे’ म्हणतात. प्रश्न नोकरीचा असो की लग्नाचा, उत्तर या नवातलंच एक!

असं पुस्तकाला विचारणं फक्त आपल्याकडेच आहे असं नाही. इराणमध्ये डिसेंबरात वर्षातली सगळ्यात मोठी रात्र ‘यल्दा’ म्हणून साजरी करतात. डाळिंब, कलिंगड, सुकामेवा मांडून सगळं घर जागतं. मग घरातलं मोठं माणूस चौदाव्या शतकातला कवी हाफिज याचा ‘दीवान’, म्हणजे त्याचा काव्यसंग्रह, हातात घेतं. प्रत्येकाने मनात प्रश्न धरायचा, पान उघडायचं, निघेल ती गझल वाचायची. याला ‘फाल’ म्हणतात. तिथे रस्त्यावर छोटा पक्षी चोचीने हाफिजच्या ओळींची चिठ्ठीसुद्धा काढून देतो. आपला पोपटवाला ज्योतिषी आठवला ना?

ही फाल आपल्या देशातही पोचली होती. पाटण्याचं खुदाबख्श ग्रंथालय १८९१ पासून लोकांसाठी खुलं आहे. तिथे हाफिजच्या दीवानाची एक हस्तलिखित प्रत आहे. ती मुघल बादशहांकडे होती. हुमायून आणि जहांगीर यांनी त्यातून फाल काढली आणि कधी, कशासाठी काढली ते स्वतःच्या हाताने समासात लिहून ठेवलं.

त्यातली जहांगीरची एक नोंद माझ्या मनातून जात नाही. तेव्हा तो शहजादा सलीम होता. वडिलांशी, म्हणजे अकबराशी, बिनसल्यामुळे अलाहाबादला वेगळा राहत होता. वडिलांकडे परत जावं की नाही, हा त्याचा प्रश्न होता. दीवान उघडला, तर परतण्याविषयीची गझल निघाली. तो गेला, समेट झाला. १६०५ मध्ये अकबराचं निधन झालं आणि सलीम बादशहा झाला.

पुस्तकाने भविष्य सांगितलं का? मला नाही वाटत. पण विचार करा, ज्याला जायचंच नाही तो असला प्रश्न विचारेल कशाला? त्याला जायचं होतं, पाऊल उचलत नव्हतं. गझलेने तेवढा धक्का दिला. तो आणखी वर्षभर अडून बसला असता, तर कदाचित भेट राहूनच गेली असती.

माझं काय झालं? पहिल्यांदा बोट ठेवलं, उत्तर आलं ‘शंका आहे’. दुसऱ्यांदाही तसंच. तिसऱ्यांदा ‘काम होईल’ आलं आणि मी खुश! आजी जपमाळ ओढता ओढता सगळं बघत होती. म्हणाली, “अगं, मनासारखं येईपर्यंत बोट ठेवायचं होतं, तर पोथीला कशाला त्रास दिलास? लाव फोन.”

लावला. पलीकडे क्षणभर शांतता. मग बाबा म्हणाले, “जेवलीस का?”

परीक्षेचा विषय अजून मिटलेला नाही. पण आता आम्ही रोज बोलतो, कधी कधी भांडतोही.

तुम्हीही कधी रामशलाका किंवा एखादं पुस्तक असं उघडलंत, तर मजा म्हणून जरूर उघडा. फक्त एक करा. उत्तर वाचल्यावर पहिल्या क्षणी बरं वाटलं की वाईट, तेवढं बघा. पुन्हा बोट ठेवावंसं वाटलं, तर पोथी मिटा आणि जे करायचं राहिलंय ते करून टाका.