गोगलगाय आणि पोटात पाय

पावसाळा लागला की या सदराकडे येणारी पत्रे कुंड्या आणि वाफ्यांनी भरलेली असतात. यंदा बऱ्याच भगिनींचा प्रश्न एकच आहे: कुंडी उलटली की मातीतून उड्या मारणारी गांडुळे निघतात, ती मारायची का? मोबाइलवर अमेरिकेतल्या बागांचे व्हिडिओ फिरतात, त्यातून ही भीती आली आहे. तिकडे ती खरीच आहे. आशियातून गेलेली उड्या मारणारी गांडुळे तिथला पालापाचोळा भराभर संपवतात आणि मातीचा कॉफीच्या चोथ्यासारखा भुगा करून ठेवतात. पण पुण्यातल्या कुंडीत, शेणखतात बोट लागताच उसळणारे जांभळट गांडूळ बहुधा पेरियोनिक्स असते. ते आपल्याच देशातले आहे आणि खत करायला लोक ते मुद्दाम पाळतात. त्याला राहू द्या.

परक्या मुलखातून आलेला आणि बाग फस्त करणारा जीव आपल्याकडे वेगळाच आहे. रात्री पपईचे रोप, झेंडू, कोथिंबीर धडधाकट असते आणि फजरला उठून पाहावे तर नुसते दांडे उरलेले. भिंतीवर चिकट, चकाकणारी रेघ दिसली की समजावे, आफ्रिकन शंखी गोगलगाय येऊन गेली. शंख निमुळता, तपकिरी, त्यावर गडद पट्टे, आणि वाढली की तळहातभर. आपल्या लहानशा देशी गोगलगायी वेगळ्या, त्यांच्यामागे लागू नका.

ही बया मूळची पूर्व आफ्रिकेची. 1847 मध्ये विल्यम बेन्सन नावाच्या शंखशिंपल्यांच्या शौकिनाने मॉरिशसहून काही जिवंत गोगलगायी कलकत्त्याला आणल्या, त्या चौरंगीतल्या एका बागेत सुटल्या आणि पुढचे आपण भोगतो आहोत. 2022 च्या खरिपात लातूर, बीडकडे सोयाबीनची कोवळी रोपे हिने खाल्ली आणि शेतकऱ्यांना दुबार पेरणी करावी लागली. अमेरिकेतला किस्सा तर ऐकण्याजोगा आहे. 1966 मध्ये एका मुलाने मायामीला तीन गोगलगायी आणल्या आणि त्याच्या आजीने त्या बागेत सोडून दिल्या. त्या निपटून काढायला जवळपास दहा वर्षे आणि दहा लाख डॉलर लागले, अठरा हजारांहून अधिक सापडल्या.

तीनच्या अठरा हजार होतात कशा? प्रत्येक गोगलगाय नरही असते आणि मादीही. एका वेळी शंभर-दोनशे, कधी त्याहून जास्त अंडी, आणि वर्षातून अनेकदा. अंडी साबुदाण्याएवढी, पिवळसर पांढरी, मातीत किंवा कुंडीखालच्या ओलीत. उन्हाळ्यात ती शंखाचे तोंड बंद करून महिनोन्‌महिने पडून राहते. म्हणून मे महिन्यात बाग साफ वाटते आणि पहिल्या सरीला फौज हजर होते. शहरात ती बहुतेक वेळा नर्सरीतल्या रोपांबरोबर आणि मातीच्या पोत्यांतून घरी येते. तेव्हा नवे रोप आणले की पिशवी फाडून मुळांजवळची माती चाळा आणि आठ-दहा दिवस ते बाकी कुंड्यांपासून दूर ठेवा.

घरात शिरली असेल तर सर्वांत भरवशाचा उपाय हातांचा. मगरिबनंतर गोणपाट गुळाच्या पाण्यात भिजवून झाडांजवळ पसरा, खाली पपईची साल किंवा कोबीची पाने ठेवा. सकाळी ऊन चढायच्या आत गोणपाट उचला, सगळ्या खाली गोळा झालेल्या असतात. हातमोजे घालूनच वेचा. हे सलग दोन-तीन आठवडे करावे लागते, एका दिवसात काही होत नाही. कुंड्याही उचलून पाहा, अंडी सापडली तर चिरडून टाका.

मारायचे कसे, हाही प्रश्न पत्रांत आहे. रॉकेल टाकून पेटवतात, तसे करू नका. जिवंत प्राणी आगीत जाळणे आपल्याकडे मना आहे. पानावरच मीठ टाकणेही नको. ती तडफडते आणि मीठ मातीत उतरून झाडही जाते. जाड पिशवीत भरून विटेच्या एका घावात संपवणे माझ्या मते सर्वांत बरे. ज्यांना ते जमत नाही त्यांनी झाकणाच्या बादलीत दाट मिठाचे पाणी करावे. नंतर खोल खड्ड्यात चुना टाकून पुरा. उघड्यावर टाकलेल्या शंखांत पाणी साचून डास होतात. आणि शेजारच्या प्लॉटमध्ये भिरकावल्या तर त्यांचा त्रास शेजाऱ्याला, शिवाय आठवड्याने त्या परत तुमच्याच दारात.

कोरड्या चुन्याचा चार बोटे रुंद पट्टा वाफ्याभोवती ओढला तर त्या ओलांडत नाहीत, पण सर आली की पट्टा पुन्हा ओढावा लागतो. दुकानात मेटाल्डिहाइडच्या गोळ्या मिळतात. ज्या घरात मांजर किंवा रांगते मूल आहे तिथे त्या आणूच नका, त्या मांजराला मारतात.

मुलांना एक गोष्ट नीट समजावा. उंदराच्या लेंडीतून या गोगलगायीत एक जंत शिरतो. तो माणसाच्या पोटात गेला तर मेंदूपर्यंत पोहोचून मेंदूच्या आवरणाला सूज आणू शकतो. म्हणून खेळायला शंख उचलायचा नाही, आणि चुकून हात लागला तर साबणाने धुवायचा. कच्ची खायची कोथिंबीर, पुदिना पाने सुटी करून वाहत्या पाण्याखाली धुवा, कारण पिल्ले मसुराएवढी असतात आणि जुडीत दिसतही नाहीत.