सरासरीत बुडालेला मका

रापण चार दिवस टाकली. तीन दिवस टोपली रिकामी, चौथ्या दिवशी चाळीस टोपल्या मासळी. सरासरी काढा, दिवसाला दहा टोपल्या. पण दहा टोपल्या मिळाल्या तो दिवस कोणता? एकही नाही! किनाऱ्यावरच्या पोरालाही हे कळते. तोच आकडा सरकारी कागदावर आला, की आपण मोठी माणसे मात्र मुकाट्याने मान डोलावतो.

लोधीखेड्याकडे पाहा. सौंसर-पांढुर्ण्याचा हा मराठी बोलणारा मुलूख १९५६ साली मध्य प्रदेशात राहिला. २०२३ पासून त्याचा पांढुर्णा जिल्हा झाला. तिथल्या शेतकऱ्याने मक्याचा प्रधानमंत्री पीकविमा उतरवला, तर हप्ता त्याच्या खिशातून जातो. पण पीक बुडाले की नाही, हे ठरते साऱ्या पटवारी हलक्याच्या सरासरीवर.

हिशेब असा. मागील सात वर्षांपैकी चांगली पाच वर्षे घेतात. समजा, एकरी उत्पन्न १८, १४, ८, १६, १२, ६ आणि २० क्विंटल होते. सहा आणि आठ वगळले, उरलेल्यांची सरासरी १६. (वाईट दोन वर्षे वगळणे शेतकऱ्याच्या फायद्याचे आहे, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे.) जोखीमस्तर ८० टक्के असेल, तर उंबरठा १२.८ क्विंटल. आता यंदा चार शेतांत कापणी प्रयोग झाले: १८, १६, १४ आणि ४. सरासरी १३. उंबरठ्याच्या वर! भरपाई शून्य. ज्याच्या शेतात चारच क्विंटल निघाले, त्याने काय करावे?

त्याच शेतात चारऐवजी दोन क्विंटल निघाले असते, तर सरासरी १२.५ झाली असती. तूट ०.३, म्हणजे उंबरठ्याच्या सव्वादोन टक्क्यांहून किंचित जास्त. वीस हजारांच्या विम्यावर सुमारे ४७० रुपये, आणि हप्ता दोन टक्क्यांनी ४०० रुपये. एका शेताच्या काट्यावर अख्ख्या हलक्याचे नशीब फिरते ते असे.

मग कापणी प्रयोगच खोटा का? मुळीच नाही. नजरेने आणेवारी ठरवण्यापेक्षा चिठ्ठ्या टाकल्यासारखी शेते निवडून प्रत्यक्ष कापून मोजणे केव्हाही खरे. ही पद्धत १९४० च्या दशकात देशात रुजवणाऱ्यांत सातारा जिल्ह्यातले पांडुरंग वासुदेव सुखात्मे आणि इंदूरला कापसावर काम केलेले वि. गो. पानसे हे आपलेच गणिती होते. मुलखाचा अंदाज घ्यायला ती उत्तम. एका माणसाचे नुकसान तिला दिसत नाही, कारण ते पाहण्यासाठी ती केलेलीच नाही. गारपिटीने किंवा शेतात पाणी साचून पीक गेले, तर योजनेत वैयक्तिक पाहणीची सोय आहे. मात्र ७२ तासांच्या आत कळवावे लागते. हे किती जणांना ठाऊक आहे?

म्हणून आमची मागणी: कापणीचा दिवस आधी दवंडी देऊन सांगा. निवडलेल्या शेतांचे नंबर, प्रत्येकाचे वजन, मागील सात वर्षांचे आकडे आणि उंबरठा हे सारे पंचायतीच्या भिंतीवर हिंदीबरोबर मराठीतही लिहा. शेतकरी बांधवांनो, तोवर काट्याजवळ स्वतः उभे राहा, आणि पोराच्या शाळेच्या वहीत चारही वजने टिपून ठेवा.