बहिर्जीला सूट नको

कोट नीट शिवलाय की नाही, हे माणूस आरशासमोर उभा असताना कळत नाही. हात वर केला की कळतं. कोल्हापूरच्या महाद्वार रोडमागच्या गल्लीत उभा जन्म कोट शिवण्यात गेला, त्यामुळे ‘किंग्समन : द सीक्रेट सर्व्हिस’ मी त्याच नजरेनं पाहिला. मॅथ्यू व्हॉनचा हा सिनेमा २०१५ मध्ये आपल्याकडे आला. नातू अजून अधूनमधून लावतो. चर्चमधल्या त्या मारामारीत कॉलिन फर्थ हातपाय कसेही फेकतो, तरी कोट अंगाला धरून राहतो. मुंढा काखेलगत वर कापला तरच हे जमतं. सैल मुंढ्याचा कोट हात उचलताच सगळाच्या सगळा वर चढतो. आमचं गिऱ्हाईक मात्र सैलच मागतं, काय करणार!

हेरांचं ठाणं लंडनच्या सॅव्हिल रोवर, शिंप्याच्या दुकानात. तिथं गरीब वस्तीतला एग्झी येतो, त्याचं माप घेतलं जातं आणि साहेब तयार होतो. खानदानाचा तोरा मिरवणारा हेरांचा म्होरक्या आर्थरच शेवटी फितूर निघतो. खलनायकाला रक्त पाहून ओकारी येते आणि पाहुण्याला तो चांदीच्या ताटात बर्गर वाढतो. जेम्स बाँडची टोपी उडवायची, पण प्रेमानं, हे यांना झकास जमलंय. त्यातले सूट खरोखर विकायलाही काढले. धंदा कळतो म्हणायचा.

पण इतका देखणा हेर पहिल्याच नाक्यावर धरला जाईल की! आपल्या शिवरायांचा हेर बहिर्जी नाईक बघा. सुरतेची खबर त्यानं आणल्याचं सभासद बखरीत आहे. फकीर, गोंधळी, वासुदेव अशी त्याची सोंगं लोक आजही सांगतात. पुन्हा वळून बघू नये असा कपडा करणं सुटापेक्षा अवघड, हे शिंप्याला विचारा.

१९४३ मध्ये ‘बहिर्जी नाईक’ नावाचा सिनेमा येऊन गेला. २०१८ च्या ‘फर्जंद’मध्ये प्रसाद ओकनं बहिर्जी केला. तरी आमचे ऐतिहासिक सिनेमे हसायला घाबरतात. दर दहा मिनिटांनी कुणीतरी गर्जना करतो आणि मावळ्याची बाराबंदी कालच इस्त्री केल्यासारखी दिसते. वास्तविक १६७३ मध्ये कोंडाजी फर्जंद साठ माणसं घेऊन पन्हाळ्यावर चढला, वर जाऊन कर्णे फुंकले आणि फौजच आली समजून गडावर गोंधळ उडाला. यात थरार आहे तसा मिस्कीलपणाही आहे. तो कुणी दाखवत नाही.

बाबूराव पेंटरांच्या गावातून निर्मात्यांना एवढंच सांगणं आहे. बहिर्जीवर एक धमाल सिनेमा काढा. पन्हाळा इथून वीस किलोमीटरवर आहे. कपडे मी शिवून देतो, फक्त नवेकोरे मागू नका.