मौजे अंधेरी, तालुका साष्टी

आपल्या घराण्याचे मूळ कोठले, हा प्रश्न मुंबईच्या उपनगरांत आजकाल बहुधा निकडीपोटीच विचारला जातो. मुलाच्या प्रवेशासाठी जातीच्या दाखल्याची पडताळणी करावयाची असते आणि पडताळणी समितीला इतर मागासवर्गीयांच्या बाबतीत १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा, भटक्या-विमुक्तांच्या बाबतीत २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वीचा आणि अनुसूचित जातींच्या बाबतीत १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा पुरावा हवा असतो. किंवा इमारतीच्या पुनर्विकासाचा करारनामा समोर येतो आणि वारसांची नावे मिळकत पत्रिकेवर चढलेलीच नाहीत असे आढळते. मग पणजोबा कोणत्या शाळेत गेले, त्यांचे नाव कोणत्या खात्यावर होते, याची धावपळ सुरू होते, आणि काम भागले की ते कागद पुन्हा कपाटात जातात. ज्या शोधाला आत्मीयता आणि सवड हवी तो शोध आपण अर्जाच्या मुदतीपुरताच करतो, याचे मला वाईट वाटते. आणि त्याहूनही अधिक वाईट याचे वाटते की, ज्या दप्तरांत हा शोध घ्यावयाचा ती दप्तरे सामान्य माणसाला आजही अर्जदार म्हणूनच उघडतात, वाचक म्हणून नव्हे.

मराठीत कुलवृत्तांतांची परंपरा समृद्ध आहे. गोत्र, कुलस्वामिनी, मूळ पुरुष, त्याच्या शाखा आणि स्थलांतरे यांची निष्ठेने केलेली नोंद अनेक घराण्यांनी छापून ठेवली, आणि तिच्यामागील परिश्रमांविषयी मला आदर आहे. परंतु ती बहुतांशी लेखणी हाती असलेल्या घराण्यांची परंपरा होय. अंधेरी-मरोळचे ईस्ट इंडियन, वेसाव्याचे कोळी, बोरिवली-दहिसरकडील आगरी आणि भंडारी, मुलुंड-भांडुपच्या डोंगरउतारांवरील आदिवासी यांच्या घरी असे ग्रंथ क्वचितच सापडतात. त्यांचा इतिहास शोधावयाचा तर कुळापासून गावाकडे न जाता गावापासून कुळाकडे यावे लागते, आणि गावाचा इतिहास सरकारी दप्तरात असतो.

हे दप्तर एका जागी नाही, कारण ही भूमीच अनेक राजवटींच्या हातांतून गेली. गुजरातच्या बहादूरशहाने १५३४ साली वसई व तिच्याखालील साष्टी, म्हणजे आजच्या उपनगरांची भूमी, पोर्तुगीजांना दिली. चिमाजी आप्पांच्या मोहिमेत १७३७ ते १७३९ या काळात ती मराठ्यांकडे आली. १७७४ च्या अखेरीस इंग्रजांनी ठाण्याचा किल्ला घेतला आणि १७८२ च्या सालबाईच्या तहाने साष्टी त्यांच्याकडे कायम झाली. पुढे ती ठाणे जिल्ह्याचा तालुका होती. १९२० साली उपनगर जिल्हा वेगळा झाला. मुलुंड आणि बोरिवली १९५७ मध्ये महापालिकेच्या हद्दीत आली, आणि आजचा मुंबई उपनगर जिल्हा तर १ ऑक्टोबर १९९० चा. ज्याला मौजे अंधेरीचा एखादा जुना कागद हवा आहे त्याने कोणत्या सालचा कागद हवा हे आधी ठरवावे, म्हणजे ठाण्याला जावयाचे, वांद्र्याला जावयाचे, की एल्फिन्स्टन महाविद्यालयाच्या इमारतीतील पुराभिलेखागारात, हे आपोआप ठरते. मराठी अंमलाच्या पस्तीसेक वर्षांसाठी मात्र पुण्याचे पेशवे दप्तर धुंडाळण्यावाचून गत्यंतर नाही.

याहून मागे जाणाऱ्याला विश्वनाथ काशिनाथ राजवाड्यांनी १९२४ साली संपादून प्रसिद्ध केलेली महिकावतीची बखर भेटते. तिचा जुना भाग शके १३७० चा, म्हणजे १४४८ च्या सुमाराचा. उत्तर कोकणात राज्य करणाऱ्या बिंब राजाबरोबर आलेली कुळे, त्यांची गोत्रे, त्यांना नेमून दिलेली गावे यांच्या याद्या तीत आहेत, आणि आज ज्यांची नावे आपण रेल्वेच्या फलाटांवर वाचतो अशी साष्टीतील कित्येक गावे त्या यादीत नांदती दिसतात. बखर ही बखरच; तिच्यातील प्रत्येक वंशावळ प्रमाण मानता येणार नाही. तरीही उपनगरे म्हणजे रेल्वे आल्यावर ओसाड रानात उगवलेली वस्ती, ही जी समजूत आपल्यात रुजली आहे ती दूर करण्यास एवढा एक ग्रंथ पुरेसा आहे. बोरिवलीजवळच्या एकसर गावातील वीरगळांवर तर जहाजांची लढाई कोरलेली आहे, आणि तेराव्या शतकातील शिलाहार-यादव संग्रामाशी अभ्यासक तिचा संबंध जोडतात.

परंतु घराण्याचा खरा धागा हाती लागतो तो फेरफाराच्या नोंदवहीत. मुंबई इलाख्यात १९०३ च्या कायद्याने हक्कनोंदणी सुरू झाली, आणि तेव्हापासून खातेदार मयत झाला, वाटणी झाली, गहाण पडले वा सुटले, की तलाठ्याने गाव नमुना सहामध्ये नोंद करावयाची, ही रीत पडली. नोंदीला अनुक्रमांक, मग हक्काचे स्वरूप, मग जमिनीचा सर्व्हे नंबर आणि शेवटच्या रकान्यात अधिकाऱ्याची सही किंवा शेरा. मधल्या रकान्यातील मजकूर कधी चारच ओळींचा असतो: अमुक इसम मयत, त्यास वारस मुलगे तिघे, पैकी धाकटा अज्ञान, त्याची पालनकर्ती आई. या चार ओळींत एका घरावर कोसळलेला प्रसंग आहे, धाकट्या मुलाच्या वयाचा अंदाज आहे, आणि मागील फेरफाराचा क्रमांक जर शेजारी असेल तर एक पिढी मागे नेणारी वाटही आहे. नावापुढे ‘ए. कु. मॅ.’ अशी अक्षरे असली, तर तो इसम एकत्र कुटुंबाचा मॅनेजर आहे आणि त्याच्या एकट्याच्या नावामागे सारे भाऊ उभे आहेत, हे ध्यानात घ्यावे. अनेकांची शोधमोहीम आपले पणजोबा सातबाऱ्यावर दिसत नाहीत म्हणून येथेच थांबते, आणि पणजोबा थोरल्या भावाच्या नावाखाली सुखरूप असतात.

त्या नोंदींत स्त्रिया मात्र फारशा दिसत नाहीत. १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्यापूर्वी लेकीला बापाच्या जमिनीत सहसा वाटा नसे, तेव्हा तिची नोंद कोण करणार? विधवेचे नाव आलेच तर बहुधा इतर हक्कांच्या रकान्यात, पोटगीपुरते. म्हणून घरातील सर्वांत वृद्ध आजीला तिचे, तिच्या आईचे आणि सासूचे माहेर कोणते हे विचारून ते आजच लिहून ठेवावे. निम्मे घराणे ज्यात नाही त्या वंशावळीला पुरी वंशावळ कसे म्हणावे?

ख्रिस्ती घराण्यांचा मार्ग वेगळा आहे. सीप्झच्या आवारात ज्याचे भग्नावशेष आहेत ते सेंट जॉनचे जुने चर्च जेझुइटांनी १५७९ साली बांधले, आणि साथीमुळे १८४० च्या सुमारास ते सोडून गावकऱ्यांनी मरोळला नवे चर्च उभारले. बाप्तिस्मा, विवाह आणि मृत्यू यांच्या पॅरिशमधील नोंदवह्या हे या समाजाचे खरे दप्तर. १८८७ साली बॉम्बे ईस्ट इंडियन असोसिएशन स्थापन झाली तेव्हा या समाजाने आपले नाव निश्चित केले, परंतु त्याची मुळे याच गावठाणांत आहेत, हे आडनाव ऐकून त्यांना परप्रांतीय समजणाऱ्या आपल्यापैकी अनेकांना अजून उमगलेले नाही.

उरला तो मोठा वर्ग, जो येथे मागाहून आला. १८९६ च्या प्लेगनंतर शहरातून बाहेर पडलेले, पुढे गिरणीच्या पगारावर चाळीत वाढलेले आणि १९८२ च्या संपानंतर घाटकोपर-भांडुपपर्यंत सरकलेले रत्नागिरी-साताऱ्याचे लोक, यांना आपल्या मूळ गावच्या शाळेचे जनरल रजिस्टर आणि जन्ममृत्यूची कोतवाल बुके पाहावी लागतात. नाशिक-त्र्यंबकच्या उपाध्यायांच्या वह्यांत तर क्षेत्रास आलेल्या पूर्वजांची नावे गाववार सापडतात. याउलट आरे आणि राष्ट्रीय उद्यानातील आदिवासी पाड्यांची गोष्ट. पिढ्यान्‌पिढ्या तेथे राहूनही त्यांच्या नावाचा कागद बहुधा निघत नाही, कारण कागद महसुलाच्या मागे चालला आणि महसूल खोतांच्या, इनामदारांच्या नावे होता. कागद नाही म्हणून माणूस नव्हता असे मानणे हा अन्याय आहे. जेथे दप्तर मुके आहे तेथे देवस्थान, पाड्यांची नावे आणि वृद्धांची साक्ष यांनाच पुराव्याची प्रतिष्ठा द्यावी लागेल.

मोडी लिपीची अडचण सर्वांनाच येते. शब्द न तोडता, ऱ्हस्वदीर्घ न पाहता धावत्या हाताने लिहिलेली ही लिपी. त्यात आडनावाऐवजी बापाचे नाव ‘बिन’ लावून आणि नवऱ्याचे ‘कोम’ लावून लिहिण्याचा प्रघात. आणि सन कधी शक, कधी फसली, कधी सुहूर. शकात ७८, फसलीत ५९० आणि सुहूर सनात ५९९ मिळवले की इसवी सन साधारणतः हाती येतो, एका वर्षाचा फरक धरून. ही विद्या अवघड नाही. काही महिन्यांच्या अभ्यासाने ती येते, आणि पुराभिलेख संचालनालय तिच्या परीक्षाही घेते. २०२३ च्या सप्टेंबरात न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती नेमली गेली आणि कुणबी नोंदींसाठी जिल्ह्याजिल्ह्यांतून मोडी वाचकांचा शोध सुरू झाला, तेव्हा शासनालाही कळून आले की, आपले दप्तर आपल्यालाच वाचता येईनासे झाले आहे. मराठा आरक्षणाच्या राजकारणात मला शिरावयाचे नाही. परंतु एका प्रयोजनापुरते दप्तराचे रुमाल सोडावयाचे आणि मग पुन्हा बांधून ठेवावयाचे, हे एखाद्या सुसंस्कृत राज्याला शोभणारे नव्हे.

उपनगर जिल्ह्याचे जुने अभिलेख स्कॅन करून संकेतस्थळावर ठेवण्याचे काम झाले, ते स्तुत्य आहे. पण चित्र म्हणजे सूची नव्हे. सर्व्हे नंबर ठाऊक असल्याखेरीज तेथे काहीच सापडत नाही, आणि ज्याची जमीन तीन पिढ्यांपूर्वी गेली त्याला नंबर ठाऊक असणार कसा? प्रत्येक मौज्याची नावांनुसार सूची व्हावी, अंधेरी, बोरिवली आणि कुर्ला या तिन्ही तालुक्यांसाठी एकेक वाचनकक्ष असावा, तेथे आठवड्यातून काही तास तरी मोडी जाणणारा माणूस बसावा, आणि नकलेच्या अर्जात कारणाच्या रकान्यापुढे ‘पूर्वजांचा शोध’ एवढेच लिहिले तरी ते कारण म्हणून कारकुनाने स्वीकारावे.