अंगठ्याचा हट्ट सोडा

गृहपाठ राहिला की गुरुजी अंगठे धरायला लावायचे. मराठवाड्यातल्या पन्नाशीच्या कुणालाही ही शिक्षा आठवत असेल: गुडघे ताठ, बोटं पायाच्या अंगठ्यावर, आणि गुडघा जरा दुमडला की पाठीवर छडी. छडी गेली, पण नांदेड-लातूरच्या मैदानांवर उभ्याने पुढे वाकण्याचं पादहस्तासन करून घेताना आजही तोच खाक्या चालतो. २१ जून २०१९ रोजी राज्याचा योगदिनाचा मुख्य कार्यक्रम नांदेडला झाला. मुख्यमंत्री देवेंद्र फडणवीस आणि रामदेवबाबा दोघेही मंचावर होते. योग आपल्या भागात रुजतो आहे, याचा मला आनंदच आहे. माझा आक्षेप आसनाला नाही, ते ज्या मापाने मोजलं जातं त्याला आहे.

हात जमिनीला टेकले तरच आसन झालं, असं म्हणतात. हे साफ चूक आहे. मांडीच्या मागचे स्नायू, ज्यांना आपण बोलण्यात शिरा म्हणतो, बैठकीच्या हाडापासून निघून गुडघ्याच्या खाली जोडलेले असतात. ते आखडलेले असले की बैठकीचं हाड खालीच धरून ठेवतात आणि खुब्यातून पुढे झुकताच येत नाही. खुबा ही या आसनाची बिजागरी. ती गंजलेली असताना हात खाली न्यायचाच असेल, तर उरलेलं अंतर कमरेतून काढावं लागतं. स्वीडनचे अस्थितज्ज्ञ आल्फ नाकेमसन यांनी कमरेच्या चकतीतला दाब प्रत्यक्ष मोजला होता. नुसतं उभं असताना जेवढा दाब असतो, त्याच्या सुमारे दीडपट तो उभ्याने पुढे वाकल्यावर होतो. शिवाय कंबर पूर्ण वाकली की पाठीचे स्नायू काम थांबवतात आणि भार हाडं बांधून ठेवणाऱ्या अस्थिबंधांवर येतो. म्हणजे ज्याचे हात टेकले त्याचं आसन बरोबर झालं असं नाही. कदाचित त्याची कंबरच जास्त ताणली गेली असेल.

लातूरच्या ट्यूशन एरियातली पोरं डोळ्यांपुढे आणा. सकाळी क्लास, दुपारी कॉलेज, संध्याकाळी पुन्हा क्लास आणि रात्री अभ्यासिका. सगळा दिवस गुडघे दुमडून बाकावर. नीटच्या तयारीची दोन वर्षं अशी काढलेल्या मुलाच्या मांड्या आखडल्या तर त्यात त्याचा काय दोष? त्याला रांगेत उभं करून ‘अजून खाली, अजून खाली’ म्हणणं म्हणजे शिकवणं नव्हे.

यावर जाणकार योगगुरू बी. के. एस. अय्यंगारांचा दाखला देतात: गुरुजी उत्तानासनात, म्हणजे उभ्याने असंच पुढे वाकताना, गुडघे ताठच ठेवायला सांगत. खरं आहे. पण त्याच गुरुजींनी हाताखाली वीट ठेवण्याची पद्धत जगभर नेली, हे सांगायचं राहून जातं. ज्याचा हात पोचत नाही, त्याच्यासाठी त्यांनी जमीनच वर आणली. आपल्या मैदानावर विटा नसतात, तेव्हा गुडघे दुमडावेत. वाट वेगळी असली तरी कमरेवरचा ताण दोन्हींत वाचतो.

परंपरेचा धाक दाखवणाऱ्यांना थोडक्यात सांगतो. हठप्रदीपिकेत १५ आसनं आहेत. त्यांत बसून करायचं पश्चिमोत्तानासन आहे, उभ्याने वाकण्याचं हे आसन नाही. ते घरोघरी पोचलं विसाव्या शतकात, औंधच्या पंतप्रतिनिधींनी सूर्यनमस्काराचा प्रसार केला त्या काळात. ताठ गुडघ्याला हजारो वर्षांचा आधार शोधू नये.

मला सर्वांत जास्त खुपतं ते वेगळंच वाक्य. ‘शेतात राबणाऱ्या बाईला कशाला हवा योग? ती दिवसभर वाकलेलीच असते!’ योगदिन येतो तो नेमका पेरणीच्या दिवसांत. ज्या बायांच्या कमरेचा विचार आधी व्हायला हवा, त्या मैदानावर नसतातच. पुढे खुरपणी, आणि दसऱ्याच्या सुमारास विळा घेऊन सोयाबीनची काढणी. ते वाकणं आणि हे वाकणं एक नव्हे. तिथे पाठीची कमान होते, एका हाताने मूठ धरायची, दुसऱ्याने ओढायचं, आणि हे तास न्‌ तास. तिथे श्वासाला जागा नाही, थांबायला परवानगी नाही. दिवसभराच्या त्या वाकण्यानंतर तिला आणखी खोल वाकायला सांगणंही चूकच. आधी तिने सरळ व्हावं, हात कमरेवर ठेवून हलकेच मागे झुकावं. मग बांधावरच्या झाडाला किंवा घरी भिंतीला हात लावून, गुडघे सैल सोडून, पाठ लांब ठेवत अर्ध्यापर्यंतच खुब्यातून पुढे यावं. काम करताना खुब्यातून वाकायचं कसं, हे तिला याच सरावातून कळेल. माझ्या मते या आसनाचा सर्वांत मोठा उपयोग हाच आहे.

दुसऱ्या टोकालाही एक गैरसमज आहे: कंबर दुखते ना, मग वाकूच नका. जन्मभर न वाकता कुणाचं भागत नाही. वाकण्याची भीती धरली की माणूस आणखी आखडतो. कळ पायात उतरत असेल किंवा पायाला मुंग्या येत असतील तर आधी डॉक्टरांना दाखवावं. बाकीच्यांनी बेताबेताने वाकायला शिकावं. उठल्या उठल्या मात्र नको. रात्रभरात चकत्या पाणी शोषून फुगलेल्या असतात आणि पहिल्या तासात वाकण्याचा ताण त्यांना जास्त जाणवतो. आधी चालावं, अंग मोकळं करावं. मग पाय खुब्याइतक्या अंतरावर, गुडघे दुमडलेले, पोट मांड्यांकडे, मान सैल. काही श्वास थांबून हळूहळू गुडघे उघडावेत, कंबर गोल होऊ लागली की तिथेच थांबावं. वर येतानाही गुडघे दुमडूनच यावं.

आयुष मंत्रालयाच्या योगदिनाच्या ठरावीक क्रमातच पादहस्तासनाखाली इशारा आहे: हृदयविकार, मणक्याचे विकार, हर्निया, चक्कर, काचबिंदू असलेल्यांनी आणि गर्भवतींनी ते टाळावं. डोकं खाली गेल्यावर डोळ्यातला दाब मिनिटभरात वाढतो, हे २०१५ च्या एका अमेरिकी अभ्यासात याच आसनावर तपासलेलं आहे. मंचावरून सूचना देणाऱ्याने पुढच्या २१ जूनला ‘खाली वाका’ म्हणण्याआधी हा इशारा मोठ्याने वाचावा, काचबिंदूवाल्या आजोबांना खुर्चीत बसू द्यावं, आणि पहिली आज्ञा द्यावी ती गुडघे दुमडण्याची.